किती हप्ते? बेळगाव भागात गृहकर्जाची खरी किंमत मोजण्याची रीत

बँकेत खुर्चीवर टेकलं की पहिला प्रश्न ठरलेला असतो, "महिन्याला हप्ता किती बसेल?" हा प्रश्न कर्ज घेणाऱ्याच्या सोयीचा आहे आणि देणाऱ्याच्या त्याहून जास्त सोयीचा. हप्ता हवा तेवढा खाली आणता येतो. मुदत ताणली की झालं. घर शेवटी केवढ्याला पडलं हे ठरतं ते हप्ते किती भरले यावर. म्हणून पुढच्या प्रत्येक पायरीवर एकच आकडा डोळ्यांसमोर ठेवायचा आहे: हप्त्यांची संख्या.

सगळ्या हिशेबासाठी एकच उदाहरण घेऊ. बेळगाव शहरात, समजा अनगोळ किंवा वडगावकडे, ४० लाखांचं तयार घर. कर्ज ३० लाख, दर साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचा दर वेगळा असेल, पण रीत हीच.

पायरी १ : मुदतीची किंमत काढा

साडेआठ टक्के दराने एक लाखाला महिन्याचा हप्ता असा बसतो: १० वर्षांसाठी १,२४० रुपये, १५ वर्षांसाठी ९८५, २० वर्षांसाठी ८६८, २५ वर्षांसाठी ८०५ आणि ३० वर्षांसाठी ७६९. कर्ज जितके लाख, तितक्याने गुणा. मग त्याला महिन्यांनी गुणा आणि मूळ कर्ज वजा करा. उरतं ते व्याज. नेमका आकडा हवा असेल तर मोबाइलवरच्या एक्सेलमध्ये पीएमटीचं सूत्र आहे, पण बँकेत बसून पडताळायला कागद-पेन पुरतं.

३० लाखांवर हे असं दिसतं:

१५ वर्षं : हप्ता २९,५४२, एकूण व्याज सुमारे २३ लाख १८ हजार
२० वर्षं : हप्ता २६,०३५, एकूण व्याज सुमारे ३२ लाख ४८ हजार
३० वर्षं : हप्ता २३,०६७, एकूण व्याज सुमारे ५३ लाख ४ हजार

वीसवरून तीस वर्षांवर गेलात तर महिन्याचे तीन हजारसुद्धा पूर्ण वाचत नाहीत, आणि व्याज साडेवीस लाखांनी वाढतं. "हप्ता हलका करून देतो" म्हणजे नेमकं काय, ते या दोन ओळींत आहे. उलट वीसवरून पंधरावर यायला महिन्याला साडेतीन हजार जास्त लागतात आणि सव्वानऊ लाखांहून जास्त वाचतात. पगाराला झेपेल तो सर्वांत मोठा हप्ता घ्या, पण सहा महिन्यांचे हप्ते बाजूला ठेवूनच. हप्ता परत गेला तर बँकेचा दंड लागतो आणि सिबिलवर डागही पडतो.

पायरी २ : पहिल्या वर्षांत पैसा कुठे जातो ते पाहा

पहिल्या महिन्याचं व्याज काढणं सोपं आहे. ३० लाख गुणिले साडेआठ टक्के, भागिले बारा: २१,२५० रुपये. हप्ता २६,०३५. म्हणजे मुद्दलात गेले फक्त ४,७८५. दर महिन्याला मुद्दल थोडं कमी होतं, म्हणून व्याजही थोडं कमी होतं, पण सुरुवातीला हे फार हळू चालतं.

पाच वर्षांत तुम्ही १५ लाख ६२ हजार भरता. कर्ज कमी होतं साडेतीन लाखांच्या जरा वर. २६ लाख ४४ हजार अजून बाकीच. निम्मं कर्ज, म्हणजे १५ लाख, फिटायला जवळजवळ १३ वर्षं १० महिने लागतात. सात-आठ वर्षांनी घर विकायला काढणारे इथेच चक्रावतात: एवढे हप्ते भरूनही बँकेची बाकी एवढी कशी? बँकेची चूक नसते, घटत्या बाकीवरचं व्याज असंच चालतं.

पायरी ३ : दर वाढला तर काय, ते आधीच विचारा

बहुतेक गृहकर्जं आता तरत्या दराची, म्हणजे मधेच दर बदलू शकणारी असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी तरत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला (ज्या दराने ती बँकांना पैसे देते), जोडावी लागतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर बदलावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही. त्या आपापला मूळ दर ठरवतात, आणि तो वर जाताना जितका चपळ असतो तितका खाली येताना नसतो.

रेपो मे २०२२ मध्ये ४ टक्क्यांवरून वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर गेला. तेव्हा अनेकांचा हप्ता तोच राहिला, म्हणून त्यांना कळलंही नाही. वाढली होती ती मुदत.

आपल्या उदाहरणात दर साडेआठचा साडेनऊ झाला असं धरा. दोन वाटा आहेत. हप्ता वाढवून २७,९६४ केला, म्हणजे महिन्याला १,९२९ जास्त, तर २० वर्षांत जादा जातात ४ लाख ६३ हजार. हप्ता २६,०३५ वरच ठेवला तर २४० हप्त्यांचे सुमारे ३०९ होतात आणि जादा जातात जवळजवळ १७ लाख ८५ हजार. एकाच दरवाढीच्या या दोन किमती आहेत, आणि गप्प बसणाऱ्याच्या वाट्याला बहुतेक वेळा दुसरी येते.

रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या सूचनेनुसार दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. दर तीन महिन्यांनी विवरणही मिळायला हवं: आजवर किती मुद्दल गेलं, किती व्याज गेलं, हप्ता किती आणि उरलेले हप्ते किती. त्यातली शेवटची नोंद पाहा. मागच्या वेळी २१२ होती आणि तीन महिन्यांनी २०९ च्या ऐवजी २३५ दिसली, तर लगेच शाखेत जाऊन हप्ता वाढवण्याचा लेखी अर्ज द्या. अर्जाची पोच घ्यायला विसरू नका.

पायरी ४ : कर्जात न बसणारा खर्च बाजूला काढा

बँक घराची पूर्ण किंमत देत नाही. ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत, त्यापुढे ७५ लाखांपर्यंत ८० टक्के, त्यावर ७५ टक्के अशी मर्यादा आहे. ही किंमत धरताना मुद्रांक आणि नोंदणीचा खर्च त्यात मिळवत नाहीत, अपवाद फक्त १० लाखांपर्यंतच्या घरांचा. म्हणजे तो पैसा तुमच्या खिशातून जातो.

कर्नाटकात घर किंवा प्लॉटच्या खरेदीपत्राला मुद्रांक शुल्क ५ टक्के. त्या शुल्कावर १० टक्के सेस आणि शहरात २ टक्के, ग्रामीण भागात ३ टक्के अधिभार. नोंदणी शुल्क ३१ ऑगस्ट २०२५ पासून १ टक्क्याचं २ टक्के झालं. ४० लाखांच्या घराला शहरात:

मुद्रांक २,००,०००
सेस २०,०००
अधिभार ४,०००
नोंदणी ८०,०००
एकूण ३,०४,०००

नव्या फ्लॅटच्या पहिल्या नोंदणीला सवलत आहे: २० लाखांपर्यंत २ टक्के, त्यापुढे ४५ लाखांपर्यंत ३ टक्के मुद्रांक. आकारणी खरेदीची किंमत आणि सरकारी मार्गदर्शक दर यांतल्या मोठ्या आकड्यावर होते. म्हणून व्यवहार ठरवण्याआधी सब-रजिस्ट्रार ऑफिसात त्या भागाचा दर विचारून या.

सीमाभागात एक गोंधळ नेहमीचा. चंदगड, शिनोळीकडचे किंवा कोल्हापूरचे पाहुणे सांगतात, "नोंदणीला तीस हजारांच्या वर लागतच नाही", "बायकोच्या नावावर घे, एक टक्का वाचतो". दोन्ही गोष्टी महाराष्ट्राच्या आहेत. हद्द ओलांडली की त्यांचा उपयोग नाही. कर्नाटकात नोंदणी शुल्काला तशी कमाल मर्यादा नाही. घर कोणाच्या नावावर घ्यायचं ते इतर कारणांनी ठरवा.

यावर बँकेचे खर्च येतात: प्रक्रिया शुल्क आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, वकिलाचा तपास अहवाल, मूल्यांकन, मूळ कागद गहाण ठेवल्याची नोंद. प्रक्रिया शुल्क अर्धा टक्का धरलं तर ३० लाखांवर १५,००० अधिक जीएसटी २,७००. सणाच्या दिवसांत हे शुल्क बऱ्याचदा माफ होतं किंवा घासाघीस करून कमी होतं. वकिलाची आणि मूल्यांकनाची फी सहसा माफ होत नाही. बांधकाम चालू असलेला फ्लॅट घेतलात तर त्यावर जीएसटी वेगळा, ५ टक्के, आणि परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसला तर १ टक्का. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या तयार घराला जीएसटी नाही.

आता बेरीज करू. घर ४० लाख, मुद्रांक-नोंदणी ३.०४ लाख, प्रक्रिया शुल्क १८ हजारांच्या आसपास, २० वर्षांचं व्याज ३२.४८ लाख. झाले ७५ लाख ७० हजार. यात घरपट्टी, रंग, दर दोन-तीन पावसाळ्यांनी गच्चीचं वॉटरप्रूफिंग काहीच धरलेलं नाही. बेळगाव-खानापूरच्या पावसाला गच्ची फुकट टिकत नाही.

पायरी ५ : कागद आधी तपासा, कारण दर कागदावर ठरतो

ही पायरी पुष्कळ जण शेवटी करतात आणि तिथेच महाग पडतं. ज्या मिळकतीचे कागद स्वच्छ, तिला राष्ट्रीयीकृत बँक कमी दराने कर्ज देते. कागद लंगडा असेल तर बँक नाही म्हणते, आणि माणूस जास्त दराच्या वित्त कंपनीकडे वळतो. मग वीस वर्षं तो त्या कागदाचंच व्याज भरत असतो.

निदान एवढं पाहा. शहरात महापालिकेचा ई-खाता, म्हणजे मिळकतीची ऑनलाइन नोंद, तोही ए (नियमित मिळकत) की बी (मंजुरीत त्रुटी असलेली). बी-खात्यावर बऱ्याच बँका हात आखडता घेतात. कंग्राळी, हिंडलगा, येळ्ळूर अशा पंचायत हद्दीत ई-स्वत्तुचे, म्हणजे पंचायतीच्या ऑनलाइन मिळकत नोंदीचे, फॉर्म ९ आणि ११. जमीन एन.ए. (बिगरशेती) आहे का, लेआउटला बुडाची (बेळगाव नगरविकास प्राधिकरणाची) किंवा संबंधित अधिकाऱ्याची मंजुरी आहे का. ई.सी., म्हणजे बोजाचा दाखला, निदान ३० वर्षांचा काढा. फॉर्म १५ वर व्यवहार आणि बोजे दिसतात, फॉर्म १६ मिळाला तर त्या काळात नोंद नाही. जुन्या पहाणीवर (इथला सातबाऱ्यासारखा उतारा) भावकीची नावं आहेत आणि वाटणीपत्र नोंदलेलं नाही, ही इथली सर्वांत सामान्य अडचण. बॉण्ड पेपरवर घेतलेला गुंठा कितीही स्वस्त मिळाला तरी त्यावर बँकेचं गृहकर्ज मिळत नाही.

बहुतेक कागद कन्नडमध्ये असतात. वाचता येत नसेल तर दलालाच्या तोंडी भाषांतरावर विसंबू नका. स्वतःचा वकील लावा. बँकेचा वकील बँकेसाठी काम करतो.

पायरी ६ : सही करण्याआधी केएफएस मागा

१ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या किरकोळ कर्जांना की फॅक्ट स्टेटमेंट देणं बंधनकारक आहे. बँकेत त्याला केएफएस म्हणतात. यात एपीआर असतो, म्हणजे व्याजात शुल्कं मिळवून निघणारा खरा वार्षिक दर. दोन बँकांची तुलना बोर्डावरच्या दराने करू नका, एपीआरने करा. एकीचा दर ८.४० आणि शुल्कं भारी, दुसरीचा ८.४५ आणि शुल्कं नगण्य, अशा वेळी एपीआरच खरं सांगतो.

केएफएस कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत द्यायचा असतो. तुम्हाला मराठी समजते, तर मराठीत मागा; यात भांडणाचं काही नाही, नियमच तसा आहे. दिलेल्या अटी निदान तीन कामकाजी दिवस कायम ठेवाव्या लागतात, तेव्हा "आजच सही करा, उद्या दर वाढेल" याला भुलू नका. जे शुल्क केएफएसमध्ये लिहिलेलं नाही, ते नंतर तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही.

याच टप्प्यावर विमा पुढे येतो. ९० हजारांचा एकरकमी हप्ता, "कर्जातच घालून देतो, जाणवणार नाही." साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत त्या ९० हजारांचे १ लाख ८७ हजार होतात. विमा हवाच, कर्त्या माणसाच्या मागे कर्ज राहू नये. पण तो बँकेने सांगितलेल्याच कंपनीचा घेण्याची सक्ती नसते. कर्जाएवढ्या रकमेची साधी टर्म पॉलिसी वेगळी घ्या आणि तिचा हप्ता वर्षाला भरा.

पतसंस्थेचं कर्ज असेल तर

या भागात पतसंस्था आणि सोसायट्या घरटी ओळखीच्या. वाढीव खोलीसाठी, डागडुजीसाठी तिथून पैसे लवकर मिळतात. फक्त एक विचारा: व्याज घटत्या बाकीवर की सरसकट, म्हणजे शेवटपर्यंत मूळ पूर्ण रकमेवर? ५ लाख, ९ टक्के सरसकट, १० वर्षं: व्याज साडेचार लाख, हप्ता ७,९१७. ऐकायला ९ टक्के, पण घटत्या बाकीच्या हिशेबाने हा दर सुमारे साडेचौदा पडतो. साडेआठ टक्क्यांच्या बँकेशी याची तुलना करताना साडेचौदाच धरायचे.

पायरी ७ : बांधून घेत असाल तर पावसाचं गणित मांडा

स्वतः बांधताना बँक पैसे टप्प्यांनी सोडते: पाया, प्लिंथ, स्लॅब, गिलावा, शेवटचं काम. प्रत्येक टप्प्याला मूल्यांकनाचा माणूस येऊन पाहतो, मग पैसे. घर पुरं होईपर्यंत सोडलेल्या रकमेवर फक्त व्याज भरायचं, त्याला प्री-ईएमआय म्हणतात. यातून मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही. १८ लाख सोडलेले असताना महिन्याला १२,७५० जातात. काम सहा महिने रखडलं तर ७६,५०० रुपये गेले, आणि भाडं चालूच.

दसरा-दिवाळीनंतर पाया काढून मे संपायच्या आत स्लॅब पडेल असं बसवा. जूनमध्ये अर्धवट राहिलेलं काम इथे सप्टेंबरपर्यंत धड पुढे सरकत नाही. पुरेसे पैसे हातात असतील तर बँकेला सांगून पहिल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करता येतो का पाहा. काही बँका देतात.

पायरी ८ : जादा भरणा लवकर करा

तरत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरायला दंड नाही. स्थिर दराच्या कर्जावर असू शकतो, ते केएफएसमध्ये पाहा.

एका वर्षानंतर १ लाख जादा भरले तर शेवटचे सुमारे १८ हप्ते कमी होतात, म्हणजे ४ लाख ७० हजार. तेच १ लाख पंधरा वर्षांनी भरले तर सहा हप्तेही होत नाहीत, दीड लाख. दर वर्षी एक जादा हप्ता भरत गेलात तर २४० चे सुमारे २०० होतात. दर वर्षी १ लाख भरता आले तर सुमारे १४०. उद्यमबागेतल्या कारखान्याचा बोनस असो, ऊसबिल असो की रताळ्याचे पैसे, ते सोनं घेण्याआधी इथे वळवून पाहा.

पैसे भरताना अर्जात स्पष्ट लिहा: "हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी." हे लिहिलं नाही तर काही ठिकाणी हप्ता कमी करतात आणि फायद्याचा मोठा भाग निघून जातो.

बँक बदलताना

बाकी २६ लाख ४४ हजार, १५ वर्षं उरलेली, दर सव्वानऊ. दुसरी बँक साडेआठ देते. मुदत १५ वर्षंच ठेवली तर महिन्याला १,१७५ वाचतात. बदलाचा खर्च ३० हजार आला तर सव्वादोन वर्षांत वसूल. पण नव्या बँकेने "हप्ता अजून कमी करतो" म्हणून मुदत पुन्हा २० वर्षं केली, तर हप्ता २२,९४५ होतो आणि एकूण भरणा जुन्या महाग कर्जापेक्षाही सहा लाखांनी जास्त. बदलण्याआधी आपल्याच बँकेला दर कमी करण्याचा अर्ज द्या. थोड्या शुल्कात काम होतं आणि कागद हलवावे लागत नाहीत.

कर सवलतीचा हिशेब फार आशेने मांडू नका. स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे, नव्या पद्धतीत नाही. आणि १२ लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्याला नव्या पद्धतीत मुळात करच लागत नाही.

शेवटचा हप्ता भरल्यावर

कर्ज फिटल्याचा दाखला आणि मूळ कागद ३० दिवसांत परत मिळायला हवेत. बँकेमुळे उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम आहे. कर्ज घेताना कागद जमा केले तेव्हाची यादी जपून ठेवली असेल, तर तिच्याशी एकेक कागद ताडून मगच सही करा. त्यानंतर सब-रजिस्ट्रार ऑफिसात गहाण उतरवल्याची नोंद करा आणि महिन्याभराने नवा ई.सी. काढून बोजा उतरल्याची ओळ त्यात आली आहे का ते पाहा. ही नोंद राहिली तर दहा वर्षांनी मुलं घर विकायला जातात तेव्हा फिटलेलं कर्ज कागदावर जिवंत सापडतं, आणि तोवर बँकेची ती शाखा दुसऱ्याच बँकेत विलीन झालेली असते.